धुऱ्यावरची मूठ

मोहगावच्या आमच्या घरात वस्तू थोड्या होत्या आणि प्रत्येकीची जागा ठरलेली होती. दारामागे बाबांची सायकल, तिच्या हँडलला अडकवलेली खाकी टोपी, चुलीच्या डाव्या अंगाला पिठाचा डबा, उजव्या अंगाला तुरीच्या वाळक्या काड्यांची मोळी. भिंतीवर दोन तसबिरी आणि त्यांच्याखाली, संत्र्याच्या पेटीच्या फळ्या ठोकून बाबांनी माझ्या पुस्तकांसाठी केलेलं फडताळ. वस्तू जागच्या जागी ठेवायची माझी सवय तुम्हा दोघा नातवंडांना, निखिल आणि मैत्रीला, सुट्टीत जाच वाटायची, ती या घरातली आहे. ज्या घरात एकच कंदील असतो, त्या घरात तो कुठे आहे हे अंधार पडायच्या आधी माहीत असावं लागतं.

घरात आम्ही चौघं. बाबा सौंसरच्या कचेरीत चपराशी होते; सकाळी सायकलवर जायचे, संध्याकाळी सायकलवर यायचे, आणि दिवसभर लोकांपुढे गप्प राहावं लागायचं म्हणून की काय, घरी आल्यावर खूप बोलायचे. माझी आई, जिला मी माय म्हणायची, गावातल्या कापूस वेचणाऱ्या बायांची मुकादमीण होती. मुकादमीण म्हणजे मोठं काही नाही; कोणाच्या शेतात कधी जायचं ते मालकाशी बोलून ठरवायची आणि सगळ्यांना बोलावून न्यायची, पण वेचायची सगळ्यांसारखीच. आणि चौथी कौतिकाआजी. ती बाबांची आत्या. तरुणपणीच नवरा गेला तेव्हा भावाच्या घरी आली, आणि भाऊ गेल्यावर भाच्याच्या घरी राहिली. मला तिनंच वाढवलं. माय शेतात असायची तेव्हा मी तिच्या पाठीवर, आणि ती स्वतः शेतात असायची तेव्हाही तिच्या पाठीवरच.

घरात पहिला आवाज तिच्या भाकरीचा. परातीत पीठ थापायची तिची एक लय होती, चार थापा आणि एक वळसा, ती मी आजही झोपेतून जागी होताना ऐकते. थंडीत अंबाडीची भाजी, पातळ वरण, लाल मिरचीचा ठेचा, आणि दुपारी पितळेच्या गंजात, म्हणजे पातेल्यात, मीठ घालून उकडलेल्या तुरीच्या शेंगा. जेवणात कोणी कोणाला मोजून वाढत नव्हतं. फक्त कौतिकाआजीचा स्वतःपुरता एक नियम होता. ज्या दिवशी ती कामाला गेली नसेल, मग ताप असो की बाजार असो, त्या दिवशी संध्याकाळी ती अर्धीच भाकर खायची. उरलेली अर्धी मोडून टोपल्यात परत ठेवायची. मायनं कितीही आग्रह केला तरी तिचं एकच उत्तर असायचं, "हात बसले तं पोटानंबी बसाव." बाबा म्हणायचे, आत्या, तुझ्या अर्ध्या भाकरीनं कोणाचं घर चाललं? ती म्हणायची, "तुयं नाही चालत रे, माहं चालते."

आता हे लिहायचं कारण सांगते. मागच्या रविवारी निखिलनं फोनवर मला विचारलं की सुट्टीत तो सायकलवरून लोकांच्या घरी जेवणाचे डबे पोचवतो, त्याला डब्यामागे पैसे मिळतात, आणि त्याचे सोबती म्हणतात की डब्यामागे नको, तासावर पगार मागू या. तर आजी, यात बरोबर कोण? मैत्री मागून ओरडली की आजीला कशाला विचारतोस, तिनं आयुष्यभर मुलांना इंग्रजी शिकवलं. खरं आहे. पण हा प्रश्न मी तुमच्या वयाची असताना एकदा सोडवून बसले होते, फार घाईनं, आणि त्याची किंमत मी नाही, कौतिकाआजीनं दिली. फोनवर हे सांगता आलं नसतं. तुम्हाला मराठी वाचायला वेळ लागतो हे मला माहीत आहे. वेळ लागू दे.

आमचं गाव मध्य प्रदेशात, म्हणून माझी शाळा हिंदीतून झाली, घर मराठीतून आणि कॉलेज इंग्रजीतून. नागपूरला मुलींच्या वसतिगृहात राहून मी बी.ए. करत होते. मागच्या गल्लीत अर्थशास्त्राच्या एका तरुण प्राध्यापकांच्या खोलीवर रविवारी सकाळी मार्क्सवादाचा अभ्यासवर्ग भरायचा. सात-आठ मुलं, आम्ही दोघी मुली, स्टोव्हवरचा चहा आणि कपांपेक्षा माणसं जास्त. सगळ्यांत माझं इंग्रजी नीट होतं, म्हणून जाड पुस्तकातलं एकेक प्रकरण वाचून त्याचा मराठीत गोषवारा करायचं काम माझ्याकडे आलं. मी ते फार शिस्तीनं केलं. समासात आकडे घालून, महत्त्वाच्या शब्दांखाली लाल रेघा ओढून. मजूर दिवसभरात जेवढं मोल निर्माण करतो त्यातलं त्याच्या जगण्यापुरतं त्याच्या हाती येतं आणि बाकीचं मालकाकडे राहतं. त्या बाकीच्याला वरकड मूल्य म्हणतात. हे वाक्य मी पहिल्यांदा लिहिलं तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे कारखाना आला नाही. आमच्या गावच्या पाटलांचा कापूस तोलायचा काटा आला, आणि त्याच्यापुढे ओळीनं उभ्या असलेल्या बाया. घरात जे मी लहानपणापासून बघत होते त्याला एक नाव आहे, हे कळल्याचा आनंद काय असतो ते मी तुम्हाला सांगू शकणार नाही.

त्या हिवाळ्यात माझ्याकडे आलेलं प्रकरण होतं नगावर मिळणाऱ्या मजुरीचं. माल मोजून मजुरी दिली की मालकाला देखरेख करावी लागत नाही, मजूर स्वतःच स्वतःला हाकतो, आणि शेजारच्या मजुराशी चढाओढ करतो. इतकं लिहून झालं आणि सुट्टी लागली. छोट्या लाइनच्या गाडीनं मी सौंसरला उतरले ती हे अर्धं प्रकरण डोक्यात घेऊन. वही पिशवीत होती, पुस्तक सरांकडे राहिलं होतं. अर्धं हा शब्द लक्षात ठेवा.

घरी आले तर माय निघायच्या तयारीत. तिगावला मामीचे दिवस भरले होते आणि तिच्याजवळ कोणी नव्हतं. माय चार-पाच दिवसांसाठी गेली आणि जाताना मला म्हणाली, "टोळी पाटलाच्या वावरात हाय. तू जात जाय बुढीसंग. तिले आता ऊन सोसत नाही, पन सांगाव कोनं?" म्हणून दुसऱ्या दिवशी मी कौतिकाआजीबरोबर शेतात गेले.

कापूस वेचणं दुरून हलकं दिसतं. कमरेला जुन्या लुगड्याचं धडपं बांधून त्याची पिशवीसारखी ओटी करायची, दोन्ही हातांनी बोंडातला कापूस ओढून ओटीत टाकत पुढे जायचं. बोंडाची वाळलेली टोकं नखांच्या कडेला टोचतात, वाकून पाठ भरते. सकाळी दवानं कापूस ओला आणि जड असतो, म्हणून पाटील ऊन पडल्याशिवाय शेतात शिरू देत नसत. आणि बाया दव असतानाच येऊन बसत, कारण जड कापूस काट्यावर चांगला बोलतो. हा झगडा रोजचाच होता, आणि दोन्ही बाजूंनी जरा गमतीचाही. दिवस उतरणीला लागला की काटा लागायचा. जिची तिची ओटी तोलायची, कचरा म्हणून थोडं वजन पाटील कापून टाकायचे, आणि किलोमागे ठरलेली मजुरी.

मला धरून टोळीत चौदा बाया. सगळ्यांत झपाट्यानं वेचणारी पार्बता, तिचे हात दिसत नसत. सगळ्यांत मागे दोघी. एक वनमाला, जिचं तीन महिन्यांचं लेकरू बाभळीला बांधलेल्या झोळीत असायचं आणि दर थोड्या वेळानं रडून तिला बोलवायचं. दुसरी कौतिकाआजी. ती आपली एक ओळ धरून, दर दहा झाडांनंतर कमरेवर हात ठेवून उभी राहत पुढे सरकायची. ओळ संपली की शेताच्या कडेला, ज्याला आमच्याकडे धुरा म्हणतात, तिथे बाया क्षणभर टेकायच्या, पाणी प्यायच्या, आणि पुढच्या ओळीला वळायच्या. वळताना जी ती आपल्या ओटीतली एक मूठ काढून कौतिकाआजीच्या नाहीतर वनमालाच्या ओटीत टाकायची. टाकताना काहीतरी टोमणा असायचाच.

"घे वं बुढे, तुया हुंड्यात धर."

"हुंडा कायचा वं? मले आता यम बी फुकट नेत नाही."

"अन् वनमाले, तुया पोट्ट्याले सांग, मोठा झाला का माह्या पोरीसंगच लगन करा लागन. आतापासून हुंडा देऊन राहिलो."

सगळ्या हसायच्या. मीही हसले. ती मूठ मी थट्टेत धरली आणि सोडून दिली. माझ्या वहीत त्या दिवसाचं टिपण आहे: काट्याची पद्धत, कचऱ्याची कपात, पार्बताची चढाओढ. मुठीचा उल्लेख नाही. इतकी शिस्तीची मी, पण जे पुस्तकात नव्हतं ते माझ्या वहीत आलं नाही.

तिसऱ्या दिवशी दुपारी बाभळीखाली भाकरी सोडल्या तेव्हा मी बोलायला सुरुवात केली. आदल्या संध्याकाळी पाटलांनी पार्बताच्या ओटीतून कचऱ्यापोटी जास्तच वजन कापलं होतं, त्यामुळे सगळ्या चिडलेल्या होत्या. मी त्यांना वरकड मूल्य समजावलं, आणि अजूनही मला वाटतं की ते मी चांगलं समजावलं. भाकरीचे तुकडे करून दाखवले: एवढा तुझा, एवढा मालकाचा. मग म्हटलं की वजनावर मजुरी आहे म्हणून काटा मालकाच्या हातात आहे, कपात मालकाच्या हातात आहे, आणि तुम्ही एकमेकींच्या पुढे पळता. रोजी मागा. दिवसाचे पैसे, सगळ्यांना सारखे. मग काट्याची भानगडच नको.

बाया चावायच्या थांबल्या होत्या. पार्बता म्हणाली, "रोजी तं सारकी भेटन, पन मी या बुढीच्या दुप्पट वेचतो, तं मले काय भेटन?"

मी म्हटलं, "पार्बतामावशी, हेच तर मालकाला पाहिजे, तुम्ही असा विचार करावा."

यावर ती गप्प झाली. तिला ते पटलं नव्हतं, तिला फक्त उत्तर सुचलं नव्हतं. हा फरक ओळखायला मला पुढे शिक्षकीची बरीच वर्षं लागली. वनमाला लेकराला पाजत होती, ती म्हणाली, "सखूबाई आल्यावर पाहू ना." सखूबाई म्हणजे माझी माय. आणि ते तिथेच मिटलं असतं. पण कौतिकाआजीनं हातातली भाकर खाली ठेवली, पदरानं तोंड पुसलं आणि म्हणाली, "सखूले काय पुसता वं? पोरगी नागपुराहून इंग्रजी वाचून आली. ते सांगून राहिली तं खरंच असन. मी तं रोजीच मागन." तिनं सगळ्यांकडे असं काही बघितलं की नाही म्हणणाऱ्या बाईनं तिच्या पोरीचं शिक्षण खोटं ठरवल्यासारखं झालं असतं. एकेक करून सगळ्या हो म्हणाल्या.

काट्याच्या वेळी मीच पाटलांना सांगितलं. पाटील वाईट माणूस नव्हते, ही गोष्ट वाईट माणसाची नाही. त्यांनी टोपी सरकवली, शेताकडे बघितलं, बायांकडे बघितलं आणि विचारलं, "सगळ्यायचं एकमत हाय?" मी हो म्हटलं. "मंग ठीक हाय बाप्पा. उद्यापासून रोजी." मला वाटलं होतं दोन दिवस भांडावं लागेल. इतक्या लवकर मिळालेल्या होकाराची शंका यायला हवी होती. मी मात्र घरापर्यंत जवळजवळ धावत आले, आणि बाबांना सांगितलं तेव्हा त्यांनी मला टोपी काढून सलाम ठोकला.

दुसऱ्या दिवशी ऊन पडल्यावर पाटील धुऱ्यावर उभे होते. एकेकीला आत सोडत होते. पार्बता, आत. दुसरी, तिसरी, आत. मला बघून हसले, "कालेजवाली बी? जाय, जाय." बारा झाल्यावर त्यांनी हात आडवा केला. मागे वनमाला उभी होती, लेकरू खांद्यावर, आणि तिच्या मागे कौतिकाआजी.

"बारा बस झाल्या," पाटील म्हणाले.

मी परत फिरले. "त्या टोळीतल्याच आहेत."

"हाय ना. पन रोजी म्हटली का मले हात पाहा लागते. वजनावर होतं तवा कोन किती वेचते मले काय करा लागत होतं? बुढीनं पावभर वेचलं तं पावभराचे पैसे, दिवसभर बसली तरी माहं काय जाते? आता दिवसाचे पैसे देऊन राहिलो. दिवसाचं काम करन तिलेच घेईन. चूक बोललो काय?"

ते चूक बोलले नव्हते. मी वाचलेल्या प्रकरणाचं उरलेलं अर्धं ते धुऱ्यावर उभं राहून मला सांगत होते. मी कौतिकाआजीकडे बघितलं. तिनं बांधलेली ओटी सोडली, धडप्याची नीट घडी केली, काखेत धरली आणि मला म्हणाली, "जाय लिले, तुयी रोजी बुडन." मग ती आणि वनमाला वाटेला लागल्या. वनमाला आजीच्या चालीनं चालत होती, हळू. मी शेतात गेले. बरोबर जायला हवं होतं की नाही, हे मी अजूनही ठरवू शकलेले नाही.

त्या दिवशी ओळी संपल्या आणि धुऱ्यावर बाया वळल्या, तेव्हा पार्बताचा हात सवयीनं ओटीत गेला आणि मूठ घेऊन बाहेर आला. टाकायला कोणी नव्हतं. तिनं ती मूठ आपल्याच ओटीत परत टाकली. तेव्हा मला कळलं की तीन दिवस मी काय बघत होते. चौदा ओट्यांपैकी दोन कधी भरणार नाहीत हे सगळ्यांना माहीत होतं, आणि काट्यापर्यंत पोचायच्या आधी त्या ओट्या थोड्या थोड्या भरून निघत होत्या. पाटलांच्या काट्याला कळत नव्हतं कोणता कापूस कोणाच्या हातचा. वजनाच्या पद्धतीत ही एक फट होती, आणि बायांनी त्या फटीत आपल्यातल्या दोघींना जपून ठेवलं होतं. मी ती फट बुजवली होती.

संध्याकाळी कौतिकाआजीनं अर्धी भाकर मोडून टोपल्यात ठेवली. दुसऱ्या संध्याकाळीही. मी पण अर्धीच खाल्ली तर म्हणाली, "नाटक नको करू. तू कामाले गेली होती." मी म्हटलं, आजी, माझं चुकलं. ती म्हणाली, "चुकलं तं चुकलं. जेव." पण त्या दोन दिवसांत ती वेगळी झाली होती. आजारपणात ती अर्धी भाकर खायची तेव्हा उद्याचं काम तिच्यापुढे असायचं. आता उद्या नव्हता. दुपारी ती अंगणात बसून स्वच्छ तूर पुन्हा निवडत होती, असं गावातली माझी एक मैत्रीण सांगून गेली. आणि सकाळची थाप बदलली होती; चार थापांच्या जागी तीनच ऐकू यायच्या. या बाबतीत माझे कान चुकीचं सांगत असतील, इतक्या वर्षांनंतर मी खात्री देत नाही.

माय तिगावहून आली ती मामीला मुलगा झाल्याचे पेढे घेऊन. चपला काढायच्या आधीच तिला सगळं कळलं, कारण वनमाला वेशीवरच भेटली होती. मी रागावून घ्यायला तयार उभी होते. तिनं एक पेढा माझ्या हातावर ठेवला, एक कौतिकाआजीच्या, आणि चुलीजवळ जाऊन बसली. मग विचारलं, "पाटलानं रोजी देताना सांगतलं काय, किती वेचाव म्हनून?"

"नाही."

"कचरा नको म्हनते ना तो नेहमी?"

"हो."

"मंग ठीक हाय," ती म्हणाली. "उद्यापासून बुढीच्या चालीनं."

तिनं टोळीला एवढंच सांगितलं, आणि आश्चर्य म्हणजे कोणी काही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी बारा बाया आणि माय शेतात उतरल्या; मायला पाटलांनी नको म्हणायचा प्रश्नच नव्हता. मी आयुष्यात पुढे पुष्कळ सभा बघितल्या, घोषणा ऐकल्या, एका संपात स्वतः गेटवर बसले. पण त्या शेतातल्यासारखं काही बघितलं नाही. प्रत्येक बोंड दोन बोटांत धरून बाया कापूस असा काढत होत्या जसं लेकराच्या डोळ्यातलं कुसळ काढावं. काढलेला कापूस तळहातावर ठेवून त्यातली पाती, काडी, वाळकं पान एकेक वेचून टाकायच्या. मग तो ओटीत. दर दहा झाडांनंतर कमरेवर हात. पार्बताला ते सगळ्यांत जड गेलं, तिचे हात आपोआप पळायचे, शेजारची बाई तिला कोपर मारायची, "ए मोटरगाडी, ब्रेक लाव."

पाटील दुपारी आले. धुऱ्यावर उभे राहून बघत राहिले. "काय वं सखू, हात गारठले काय तुमचे?"

"नाही जी पाटील. कचरा काढून राहिलो. तुमीच म्हनता ना, साफ पायजे म्हनून."

त्यांनी एका ओटीत हात घालून कापूस वर काढला. इतका पांढरा कापूस त्यांच्या शेतातून कधी निघाला नसेल. त्यात काही खोट काढायला जागा नव्हती. "साफ हाय," ते म्हणाले, आणि गेले.

दुसरा दिवसही तसाच. अर्ध्या शेतात बोंडं उमललेली, कापूस लोंबायला लागलेला, आणि दुपारून आकाशात ढग. हिवाळ्यातला एक सडाका पडला की वेचायला आलेला कापूस काळपट होऊन कवडीमोल होतो, हे पाटलांना आमच्यापेक्षा जास्त माहीत होतं. दुसरी टोळी मिळायची नाही. त्या दिवसांत मोहगावापासून सौंसरपर्यंत प्रत्येक बाईचे हात कुठल्या ना कुठल्या शेतात गुंतलेले असतात. उतरणीला त्यांनी मायला हाक मारली. मायनं मला बरोबर घेतलं आणि वाटेत एवढंच म्हणाली, "त्याच्यापुढं चुकलो म्हनू नको. ते घरी म्हनून झालं."

पाटील मला म्हणाले, "काय कालेजवाली? रोजी पायजे होती ना?"

माझ्याऐवजी माय बोलली. "वजनावर करू जी, पयल्यासारकं. पन एक हाय. टोळी मी आनन. कोन येईल, किती येईल, ते मी पाहीन. धुऱ्यावर उभं राहून मोजायचं नाही."

"अन् कचरा?"

"कचऱ्याचं तुमचं तुमी पाहा."

कपात तशीच राहिली. ती पुढे कितीतरी वर्षं राहिली. पाटलांनी आकाशाकडे बघितलं आणि हो म्हटलं. या वेळी त्यांना होकार द्यायला बराच वेळ लागला, म्हणून मी त्यावर विश्वास ठेवला.

सुट्टी संपल्यावर नागपूरला जाऊन मी सरांकडून ते पुस्तक मागून घेतलं आणि प्रकरण पुन्हा उघडलं. मला जे धुऱ्यावर कळलं ते तिथे होतं, आणि शेवटीही नव्हतं, अगदी सुरुवातीला होतं: मजुरी तासावर द्या की नगावर, गोष्ट एकच, फक्त कपडे वेगळे. मी ते वाचून, आकडा घालून, पुढे गेले होते. पुस्तक खोटं नव्हतं आणि आजही मला ते खोटं वाटत नाही. आता मी पांढुर्ण्याच्या घरात बसून हे लिहिते आहे, समोरच्या रस्त्यावरून संत्र्यांचे ट्रक जाताहेत, मोहगाव आता पांढुर्णा जिल्ह्यात आलंय, आणि शेतात अजूनही वजनावरच कापूस वेचतात. तर निखिल, तुझ्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे एवढंच आहे. तासावर की डब्यावर, हे ठरवायच्या आधी शोध की तुमच्यात सगळ्यात हळू सायकल कोण चालवतो. त्याचं आज कसं भागतं ते नीट बघ. मग विचार कर की उद्याच्या पद्धतीत तो दाराच्या आत असेल की बाहेर. त्याला विचारायला विसरू नकोस, पण तो तुझ्यावरच्या मायेनं हो म्हणत नाही ना, तेही बघ.

पाटलांनी हो म्हटलं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी दव असतानाच आम्ही शेतावर गेलो. वनमालानं झोळी बांधली. कौतिकाआजीनं धडप्याची घडी उलगडली, झटकली, कमरेला बांधली आणि आपली ओळ धरली. पार्बता सुटली ती दोन दिवसांचं उट्टं काढल्यासारखी. मी माझी ओळ संपवून धुऱ्यावर आले तेव्हा आजी तिथे टेकून पाणी पीत होती. बाया वळत होत्या, मुठी पडत होत्या, कोणीतरी तिला म्हणालं की बुढे, चार दिवस सासरी गेली होती काय. मी माझ्या ओटीत हात घातला, मिळेल तेवढी मोठी मूठ काढली आणि तिच्यापुढे धरली. मला काही टोमणा सुचला नाही. तिनं माझी मूठ उघडली, कापूस स्वतःच्या तळहातावर घेतला, उन्हाकडे धरून बघितला. मग त्यातलं एक वाळकं पान काढलं, एक काडी काढली, अजून एक पान काढलं, आणि ती तिन्ही माझ्या हातावर परत ठेवली.

"एवढी शिकली वं," ती म्हणाली, "अन् साफ वेचता येत नाही."

आणि ओटीचं तोंड माझ्याकडे करून पुन्हा उघडं धरलं.